भीड, संकोच, लाज: चिठ्ठ्या पुन्हा लिहिताना

चिरंजीवास अनेक आशीर्वाद.

आपल्या शब्दकोशासाठी वेंगुर्ल्याहून पाठवलेला शब्दनोंदींच्या चिठ्ठ्यांचा गठ्ठा मिळाला. अक्षर स्वच्छ आहे, प्रत्येक चिठ्ठीवर गाव आणि तारीख आहे, हे फार चांगलं केलंस. गडबड अर्थाच्या रकान्यात आहे. ‘भीड’समोर संकोच, ‘संकोच’समोर लाज आणि ‘लाज’समोर पुन्हा भीड. ज्याला हे शब्द येतात त्याला असा कोश लागत नाही, आणि ज्याला येत नाहीत त्याच्या तो कामाला येत नाही. तिन्ही शब्द माणसाला मागे ओढतात, एवढंच त्यांच्यात सारखं आहे. कोण ओढतं, कशापासून ओढतं आणि त्याचा तोटा कुणाला होतो, हे प्रत्येकाचं निराळं आहे. ते वाक्यातूनच काढावं लागेल.

सुरुवात षष्ठीपासून कर. ‘ची’, ‘चा’ लागून आधी काय येतं ते बघ. भीड माणसाची असते: मामांची भीड, सरांची भीड, शेजाऱ्याची भीड. संकोच कृतीचा असतो: विचारण्याचा संकोच, मागण्याचा संकोच. लाज बहुतेक वेळा आपल्या एखाद्या उणिवेची किंवा कृत्याची असते: फाटक्या चपलांची, न येणाऱ्या इंग्रजीची, केलेल्या लबाडीची. आता ‘मला मामांची भीड वाटते’ आणि ‘मला मामांची लाज वाटते’ ही दोन वाक्यं शेजारी ठेव. पहिल्यात मामांचा मान आहे. दुसऱ्यात मामांनी काहीतरी करून ठेवलंय. हे शब्द एकमेकांचे प्रतिशब्द असते तर एवढा फरक पडला नसता.

तुझ्याच भागातला दाखला घे. देवगडच्या एका बागायतदाराचा मेहुणा मे महिन्यात मुंबईहून येतो आणि जाताना हापूसच्या दोन पेट्या गाडीत टाकतो. “हिशोब नंतर बघू,” म्हणतो, आणि तो नंतरचा दिवस काही उगवत नाही. हाच बागायतदार व्यापाऱ्याकडून पै न पै मोजून घेतो, तेव्हा त्याला संकोची म्हणणं चूक. फक्त मेहुण्यापुढे त्याची जीभ उचलत नाही. ही भीड. त्याचा मुलगा पहिल्यांदाच हायवेला आंबे घेऊन उभा राहिला आणि जाणाऱ्या गाड्यांना हाक मारायला त्याचं तोंड उघडेना, तर तो संकोच. समोरचं गिऱ्हाईक कोण आहे याच्याशी त्याला कर्तव्य नाही. ‘भीड भिकेची बहीण’ ही म्हण बापाला लागू पडते, मुलाला नाही. तू ती ‘संकोच’च्या चिठ्ठीवर टाकली आहेस, तिथून काढ.

मग क्रियापदं. भीड पडते, म्हणजे दुसऱ्याच्या शब्दाचं वजन आपल्यावर येतं. भीड घालतात, म्हणजे ते वजन मुद्दाम टाकतात. ‘साहेबांकडे जरा शब्द टाका’ याच्या अगदी जवळचा हा प्रयोग. भीड मोडवत नाही. भीड चेपते. यातल्या एकाही जागी ‘संकोच’ घालून वाक्य उभं राहत नाही. संकोच वाटतो, होतो, दूर होतो. तो पडत नाही की चेपत नाही. अशी अदलाबदल प्रत्येक चिठ्ठीवर करून बघ. वाक्य जिथे मोडतं तिथेच अर्थाची सीमा असते.

‘भीड चेपली’वर थोडं थांब, कारण त्याला दोन छटा आहेत. नवी सून चार महिन्यांत घरात रुळली, सासऱ्यांशी मोकळेपणी बोलू लागली, तिची भीड चेपली: हे कौतुकाने म्हणतात. शाळेतलं पोरगं मास्तरांना उलट उत्तरं देऊ लागलं, त्याचीही भीड चेपली: हे नाराजीने म्हणतात. दोन्ही वाक्यं लिही, आणि कोण कुणाबद्दल बोललं हे कंसात टाक. नुसतं ‘धीट होणे’ लिहिलंस तर दुसरी छटा मरते.

माझ्या मते या शब्दांची खरी परीक्षा त्यांच्या उलट शब्दांत आहे. ज्याला भीड नाही तो निर्भीड, आणि निर्भीड पत्रकार म्हणणं हे कौतुक आहे. ज्याला लाज नाही तो निर्लज्ज, ही शिवी. ज्याला मुर्वत, म्हणजे दुसऱ्याच्या मानाची कदर, नाही तो बेमुर्वतखोर, हीही शिवीच. ‘निःसंकोच’ मात्र ना स्तुती ना निंदा, ती परवानगी आहे: “काही लागलं तर निःसंकोच सांगा.” यावरून काय कळतं बघ. लाज आणि मुर्वत माणसाकडे असायलाच हवी, असं भाषा धरून चालते. संकोच नसला तरी बिघडत नाही. भिडेचं गणित अवघड आहे. ती असली तर माणूस चांगला, पण प्रसंगी तिला बाजूला सारणारा अधिक चांगला. ‘भिडस्त’ म्हणताना आवाजात माया आणि कीव दोन्ही असतात, त्याचं कारण हेच. अर्थाच्या रकान्यात ही दुहेरी किंमत आली पाहिजे. ‘भिडस्त: लाजाळू’ एवढ्यावर भागत नाही. ‘समोरच्याचा मान राखण्यापायी नाही म्हणू न शकणारा, आपलं मागू न शकणारा’ असं उलगडून लिही. चार शब्द जास्त गेले तरी चालतील.

आता एक चूक जी छापील पुस्तकांतही आढळते. ‘भीडभाड’ आणि ‘भीडमुर्वत’ हे जोडशब्द जवळजवळ नेहमी नकारातच येतात: भीडभाड न ठेवता बोलला, कुणाची भीडमुर्वत बाळगली नाही. कोशात नुसतं ‘भीडभाड: संकोच’ असं वाचून कुणी ‘तिने खूप भीडभाड ठेवली’ लिहिलं, तर व्याकरण सांभाळलं जातं पण मराठी कान ते वाक्य परत पाठवतो. चिठ्ठीवर ‘बहुधा नकारार्थी वाक्यात’ असं स्पष्ट लिही.

‘संकोच’ला आकुंचनाचा जुना अर्थ अजून चिकटलेला आहे. ‘नागरिकांच्या हक्कांचा संकोच’ या बातमीतल्या वाक्यात कुणीही लाजत नाही, हक्क आवळले जातात. भाषाशास्त्रातला अर्थसंकोच, म्हणजे शब्दाचा व्यापक अर्थ आकसून मर्यादित होणं, तसाच. हा अर्थ वेगळा आकडा देऊन लिही. गर्दी या अर्थाच्या ‘भीड’साठीसुद्धा स्वतंत्र चिठ्ठी कर, दोन्ही एकीवर कोंबू नकोस.

‘विनय’, ‘नम्र’ आणि ‘शालीन’ यांच्यासाठी आणखी एक कसोटी लाव: शब्द स्वतःबद्दल वापरता येतो का? “माझा स्वभाव जरा भिडस्त आहे” हे माणसं सहज म्हणतात, नाही म्हणता आलं नाही याची सबब म्हणून तर हमखास. “मी बुजरा होतो” हेही चालतं. “मी फार विनयशील आहे” म्हणणाऱ्याचा विनय त्याच वाक्यात संपतो. ‘नम्र विनंती’ आणि पत्राखालचा ‘आपला नम्र’ हे ठरीव साचे आहेत, त्यांची नोंद ‘पत्रव्यवहारात’ अशी खूण करून वेगळी घे. म्हणजे भीड आणि संकोच आपले आपल्याला कळतात. विनय आणि शालीनता दुसऱ्याने बघून म्हणायच्या गोष्टी.

‘शालीन’समोर तू ‘कुलीन स्त्रीसारखी वागणारी’ असं लिहिलं आहेस. ते बदल. पाणिनीच्या अष्टाध्यायीत ५.२.२० हे सूत्र आहे: ‘शालीनकौपीने अधृष्टाकार्ययोः’. शालीन म्हणजे अधृष्ट, पुढे पुढे न करणारा. शब्द ‘शाला’ म्हणजे घर यावरून साधलेला आहे, आणि त्यात स्त्रीपुरुष भेद नाही. आज तो साडी, पेहराव, बोलणं अशा संदर्भात बाईच्याच वाट्याला जास्त येतो, हे खरं; तशी टीप जरूर दे. पण उदाहरणांत एक तरी पुरुष असू दे, नाहीतर आपला कोश वापराची नोंद न करता वागणुकीचे नियम शिकवू लागेल. ही गोष्ट मला मनापासून महत्त्वाची वाटते.

‘विनयभंग’ ‘विनय’च्या पोटात ठेवू नकोस. तो कायद्यातला शब्द आहे: भारतीय दंड संहितेचं कलम ३५४, १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेचं कलम ७४. उद्धटपणाला विनयभंग म्हणता येत नाही. मुख्य नोंद वेगळी कर आणि ‘विनय’खाली फक्त ‘पाहा’ लिही.

आता गोळा करण्याच्या पद्धतीबद्दल. “भीड म्हणजे काय?” असा प्रश्न गावात विचारू नकोस. समोरची आजी विचारात पडेल आणि शेवटी “लाज” म्हणेल, म्हणजे आलास पुन्हा त्याच चक्रात. प्रसंग पुढे ठेव: पाहुण्यांकडे उसने पैसे परत कसे मागायचे? मग बघ काय ऐकू येतं. “कसे मागूचे?” “बरा दिसणा नाय.” “तेका कसा सांगूचा?” मालवणीत भिडेचा बराचसा व्यवहार नामाशिवाय चालतो, अशा प्रश्नांनी आणि ‘बरा दिसणा नाय’ने. शब्दच शोधत राहिलास तर वही रिकामी राहील आणि इथली माणसं भिडस्त नाहीत असा उलटा निष्कर्ष निघेल. ही वाक्यं ‘भीड’च्या चिठ्ठीला जोडून दे.

देवळातलं गाऱ्हाणंही लक्ष देऊन ऐक. एकजण सगळ्यांच्या वतीने देवापुढे मागतो, बाकीचे “व्हय म्हाराजा” म्हणतात. ज्याचं मागणं आहे त्याला स्वतः तोंड उघडावं लागत नाही. मागण्याचा संकोच गावाने किती व्यवस्थित सोडवला आहे, ते तिथे दिसतं.

मोबाइलवर ध्वनिमुद्रण करताना आधी परवानगी घे. फोन समोर दिसला की माणसं पुस्तकी मराठीत शिरतात, म्हणून पहिली पंधरा-वीस मिनिटं गजालीत, म्हणजे इकडच्यातिकडच्या गप्पांत, जाऊ देत, त्यातलं वाक्य चिठ्ठीवर घेऊ नकोस. सुनांशी सासवांसमोर बोलू नकोस. या विषयावर तर मुळीच नको, कारण जिची भीड आहे तीच समोर बसलेली असेल. गणपतीला आलेल्या चाकरमान्यांची वाक्यं जरूर घे, पण ‘मुंबईत किती वर्षं’ हा रकाना भरूनच. एका अर्थाला निदान पाच वाक्यं आणि ती निदान तीन वेगळ्या माणसांची हवीत. एकाच तोंडची असतील तर तशी खूण कर. नाव लिहू नकोस. वय, गाव, व्यवसाय पुरे. आणि दोन दिवसांच्या आत उतरवून काढ, नाहीतर ‘वगी रव’चं तुझ्याच हातून ‘गप्प बस’ होईल.

गप्प बसण्याचे सगळे शब्द या गटात येत नाहीत. अबोल हा स्वभाव, अबोला हे भांडण. घुमा मनात कुढतो, आतल्या गाठीचा लपवतो, मूग गिळून बसणारा सोय बघतो. यांच्यात नम्रता नाही, तेव्हा वेगळा गठ्ठा बांध. ‘स्वभावाने गरीब’ मात्र घे, त्यात पैशाचा संबंध नाही.

जुने कोश शेवटी उघड, आधी नको. मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाची पहिली आवृत्ती १८३१ची, सुधारलेली दुसरी १८५७ची. दाते-कर्वे यांच्या ‘महाराष्ट्र शब्दकोशा’चे सात खंड १९३२ ते १९३८मधले, पुरवणी १९५०ची. दोन्ही कोश शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर मोफत शोधता येतात. त्यांत सापडलेला अर्थ आज ऐकू आला नाही तर ‘जुना’ अशी खूण कर, पुसून टाकू नकोस. आणि ऐकू आलेला अर्थ कोशात नाही म्हणून चुकीचा समजू नकोस.

‘भीड’ची सुधारलेली चिठ्ठी अशी होईल:

भीड (स्त्री.; सामान्यरूप भिडे-). एखाद्या व्यक्तीच्या मानामुळे, नात्यामुळे किंवा उपकारामुळे तिच्यापुढे मागायला, नाकारायला वा स्पष्ट बोलायला वाटणारी अडचण. षष्ठी व्यक्तीची. प्रयोग: भीड वाटणे, पडणे, घालणे, न मोडवणे, चेपणे (१. रुळणे, २. आगाऊ होणे), भिडेखातर, भिडेपोटी. म्हण: भीड भिकेची बहीण. मालवणीत याच प्रसंगी: बरा दिसणा नाय; कसा सांगूचा. उलट: निर्भीड (स्तुती). तुलना: संकोच, लाज, मुर्वत.

याच घडणीवर बाकीच्या लिही. ‘मुखदुर्बळ’ तुझ्या गठ्ठ्यात नाहीच, तो शोध. मनात सगळं आहे पण चारचौघांत मांडता येत नाही अशा माणसाला हा शब्द लावतात, आणि त्याला भीड कुणा एकाची नसते. चिठ्ठ्या पावसाच्या आत झाकणाच्या डब्यात भर. तिकडच्या दमट हवेत शाई फुटते आणि कागदाला बुरशी येते, म्हणून पेन्सिलीने किंवा बॉलपेनने लिही आणि दर आठवड्याला फोटो काढून पाठवत जा.

कळावे.