आईची टेप आणि खिडकीतला उजेड

प्रश्न : आई गेल्यानंतर एक जुनी व्हीएचएस टेप सापडली. खिडकीपाशी बसून ती केस विंचरते आहे, एवढंच तिच्यात आहे. त्यावरून प्रदर्शनासाठी संथ गतीतला व्हिडिओ करायचा आहे. एआय वापरून चेहरा स्पष्ट करून घेऊ का? – एक वाचक

उत्तर : चेहऱ्याला एआय लावू नका, अगदी कळकळीनं सांगते. व्हीएचएसवर आडव्या दिशेनं जेमतेम 240 रेषांएवढा तपशील उतरतो. रंगाचा तर त्याहून कितीतरी कमी, म्हणून तो कडांबाहेर ओघळतो. टेपवर जे उतरलंच नाही, ते सॉफ्टवेअर दुसऱ्यांचे चेहरे पाहून अंदाजानं भरतं. पापण्या रेखीव येतील, पण त्या आईच्या नसतील. ती मोकळी जागा तुमच्या आठवणीला भरू द्या. आईला कधीही न पाहिलेला प्रेक्षकसुद्धा तिथे डोळे ताणून बघेल, आणि मला तेच हवं असतं.

खिडकी आहे हे फार चांगलं. बाहेरचा उजेड वाढला की कॅमेऱ्याची आयरिस, म्हणजे प्रकाश आत सोडणारं छिद्र, आपोआप मिटते, चेहरा काळवंडतो, मग हळूहळू उजळतो. कलर करेक्शन करताना हे चढउतार सपाट करू नका. त्या दिवशीचा प्रकाश कसा बदलत होता, याची तेवढीच खूण उरली आहे. तळाची थरथरती पट्टी मात्र मी कापते. ती व्हीसीआरच्या, टेप वाचणाऱ्या हेडमुळे येते आणि जुन्या टीव्हीच्या चौकटीआड झाकलेलीच असायची.

आता गती. व्हिडिओ कलाकार बिल व्हायोलांच्या ‘द ग्रीटिंग’ या व्हिडिओत (1995) 45 सेकंदांची भेट सुमारे दहा मिनिटं चालते, कारण ती मुळात सेकंदाला 300 फ्रेमनं चित्रित केली होती. पाल या, आपल्याकडच्या व्हिडिओ पद्धतीच्या टेपवर सेकंदाला 25 फ्रेम असतात, आणि प्रत्येक फ्रेममध्ये दोन फील्ड, म्हणजे एकाआड एक ओळींची दोन अर्धी चित्रं. म्हणजे वेगवेगळे 50 क्षण. ते सुटे केले तर निम्म्या गतीपर्यंत हाताची हालचाल खरी राहते. त्याहून संथ हवं असेल तर चित्र सरळ थबकत पुढे जाऊ द्या. मधल्या फ्रेम सॉफ्टवेअरकडून बनवून घेऊ नका.

त्यासाठी टेप डिजिटल करणाऱ्याला आधीच बजावा, फाइल इंटरलेस्डच हवी, म्हणजे दोन्ही फील्ड जशीच्या तशी राहिलेली. आणि टेप पहिल्यांदा लावतानाच कॅप्चर सुरू ठेवा. इतकी जुनी टेप दुसऱ्यांदा धड चालेल याचा भरवसा नसतो.