हप्ता कमी, कर्ज महाग

प्रश्न : धायरीत सदनिका घेण्यासाठी आम्ही 8.5 टक्के दराने 50 लाखांचे कर्ज काढत आहोत. 20 ऐवजी 30 वर्षांची मुदत घेतल्यास हप्ता हलका होतो. तसे करावे का?
– एक वाचक, पुणे

उत्तर : 20 वर्षांसाठी हप्ता सुमारे 43,391 रुपये येतो, 30 वर्षांसाठी 38,446. म्हणजे दरमहा पाच हजारांहून थोडी कमीच बचत. मात्र दर स्थिर राहिला असे धरले, तरी एकूण व्याज सुमारे 54 लाखांवरून 88 लाखांवर जाते. 20 वर्षांच्या कर्जातही पहिल्या हप्त्यातील 35,417 रुपये व्याजापोटी जातात आणि मुद्दल जेमतेम 7,974 रुपयांनी उतरते, हे बँकेकडून परतफेडीचा तक्ता मागून स्वतः पाहावे. दर वाढला की बँका बहुधा हप्ता तोच ठेवून मुदत लांबवतात, त्यामुळे वाढलेला बोजा चटकन ध्यानात येत नाही. झेपत असेल, तर 20 वर्षेच घ्यावीत. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड नसतो. तेव्हा दिवाळीचा बोनस पहिल्या काही वर्षांतच मुद्दलात भरावा, आणि हप्ता नव्हे, मुदत कमी करण्यास लेखी सांगावे. मुद्रांक शुल्क व सोसायटीचा देखभाल खर्च यांचा हिशेब वेगळा.