रब्बी होऊन ज्यू शाळेत शिकवायचं असेल तर काय शिकावं लागतं, आणि रोजचं काम नेमकं काय असतं?

तुम्ही विचारलंय की रब्बीची (ज्यू धर्मगुरूची) पदवी घेतली की ज्यू शाळेत नोकरी मिळते का, आणि तिथे दिवसभर करायचं काय असतं. थोडक्यात सांगायचं तर पदवीने दार उघडतं, पण वर्गात उभं राहायची विद्या वेगळी शिकावी लागते. पुढचं सगळं मुख्यतः अमेरिकेबद्दल आहे. इस्रायलबाहेरची सर्वात मोठी ज्यू वस्ती तिथे आहे आणि अशा नोकऱ्यांचे प्रकारही तिथेच जास्त आहेत.

आधी पदवी. तिला स्मिखा म्हणतात. ऑर्थोडॉक्स, म्हणजे कडक परंपरावादी पंथात ही मुळात धर्मशास्त्राची परीक्षा. मांसाला मीठ लावून रक्त कसं काढायचं, दूध आणि मांस एकत्र आलं तर काय, निषिद्ध पदार्थ चुकून पातेल्यात पडला तर उरलेलं अन्न त्याच्या साठपट आहे का, हे प्रश्न तिचा कणा. शब्बाथ (शनिवारचा विश्रांतीचा दिवस), सुतक वगैरे विषयही असतात. न्यूयॉर्कच्या येशिवा युनिव्हर्सिटीत हा मार्ग आहे. कॉन्झर्व्हेटिव्ह या मधल्या पंथाची ज्यूइश थिऑलॉजिकल सेमिनरी (स्थापना 1886) न्यूयॉर्कलाच आहे. रिफॉर्म या उदारमतवादी पंथाचं हिब्रू युनियन कॉलेज 1875 साली सिनसिनाटीत सुरू झालं. प्रवेशाला आधीची पदवी लागते, पुढे साधारण पाच वर्षं जातात, आणि बऱ्याच अभ्यासक्रमांत त्यातलं एक वर्ष इस्रायलमध्ये काढायचं असतं. रिफॉर्ममध्ये स्त्रिया 1972 पासून, कॉन्झर्व्हेटिव्हमध्ये 1985 पासून रब्बी होतात. ऑर्थोडॉक्समध्ये यावर अजून वाद आहे. न्यूयॉर्कची येशिवत महारात ही संस्था 2009 पासून स्त्रियांना तयार करते, पण तिची पदवी मानणाऱ्या शाळा मोजक्या.

या पाच वर्षांत अध्यापनशास्त्र फार थोडं येतं. साठपटीचा हिशोब बिनचूक सांगणारा माणूस सातवीतल्या पंचवीस मुलांसमोर पंधरा मिनिटांत गारद होऊ शकतो. म्हणून शिक्षणातच राहायचं असेल तर जोडीला शिक्षणशास्त्राची पदव्युत्तर पदवी घ्याच. येशिवा युनिव्हर्सिटीचं अझ्रिएली स्कूल आणि सेमिनरीचं डेव्हिडसन स्कूल याच कामासाठी आहेत. मुलाखतीला शाळा नमुना पाठ घ्यायला लावतात आणि निवड बहुतेक त्यावरच ठरते.

कामाच्या जागा मुख्यतः तीन. पहिली डे स्कूल: दिवसाचा एक भाग धार्मिक विषय, दुसरा गणित-विज्ञान वगैरे, त्यामुळे दिवस लांबलचक. दुसरी सिनेगॉगची (ज्यू प्रार्थनामंदिराची) पूरक शाळा, म्हणजे रविवार सकाळ आणि आठवड्यात एखादी संध्याकाळ. तिसरी कॉलेजांमधली हिलेल केंद्रं, म्हणजे ज्यू विद्यार्थ्यांची केंद्रं. उन्हाळी शिबिरं आणि प्रौढांचे वर्ग यात भर घालतात. नुसतं शिकवण्यासाठी स्मिखा लागतेच असं नाही, बरेच शिक्षक तिच्याशिवाय शिकवतात. धार्मिक विभागाचं प्रमुखपद किंवा शाळेचा रब्बी ही जागा हवी असेल तेव्हा मात्र ती बहुतेक ठिकाणी लागते.

आता प्रत्यक्ष वर्गात काय चालतं ते. ताल्मूद (ज्यू धर्मशास्त्रावरच्या चर्चांचा जुना ग्रंथ) शिकवायला नवख्यांसाठी बहुतेक जण त्यातल्या ‘बावा मेट्झिया’ या भागाचा दुसरा अध्याय घेतात. विषय सापडलेल्या वस्तूंचा, त्यामुळे मुलांना पटकन कळतो. विखुरलेली फळं किंवा नाणी सापडली तर ती तुमची. तीच भांड्यात किंवा थैलीत असली तर दवंडी पिटून मालक शोधायचा. लगेच चर्चा सुरू होते: विखुरलेली म्हणजे किती विखुरलेली? रब्बी यित्झाक मोजमाप देतात, चार हात जागेत एक काव (धान्य मोजायचं जुनं माप).

इथे नवा शिक्षक हमखास एक चूक करतो: पहिल्याच दिवशी छापील पान मुलांच्या हातात देतो. त्या पानावर मधोमध मूळ मजकूर, बांधणीच्या बाजूला राशी या मध्ययुगीन भाष्यकाराचं भाष्य, बाहेरच्या बाजूला तोसाफोत (त्यानंतरच्या पंडितांच्या टिपा). विरामचिन्हं जवळपास नाहीत, स्वरचिन्हं नाहीत, भाषा हिब्रू आणि आरामाइकची मिसळ, आणि राशीची लिपी वेगळीच. मूल तिथेच हात टेकतं. नीट क्रम असा: पहिले काही आठवडे मजकूर ओळी तोडून, विरामचिन्हं घालून द्या. प्रश्न, उत्तर, पुरावा आणि आक्षेप हे चार वेगळ्या रंगांनी मुलांनाच रंगवू द्या. मग दोघादोघांच्या जोड्या करून (याला हाव्रुता म्हणतात) मोठ्याने वाचायला लावा, आणि जोडीला सोपा, ठरावीक प्रश्न द्या. ‘चर्चा करा’ एवढंच सांगितलं तर जोडीतला हुशार बोलतो आणि दुसरा खिडकीबाहेर बघतो. मूळ पान यानंतर.

याच अध्यायात अबाये आणि रावा या ताल्मूदातल्या दोन पंडितांचा प्रसिद्ध वाद येतो. मालकाने आशा सोडली की वस्तू सापडणाऱ्याची, इथून तो सुरू होतो. वस्तू हरवल्याचं मालकाला अजून कळलेलंच नाही, पण कळल्यावर तो आशा सोडणार हे नक्की, तर ती सोडल्यासारखीच धरायची का? या दोघांच्या वादांत निर्णय बहुधा रावाच्या बाजूने लागतो. अबायेच्या बाजूने लागलेल्या सहा अपवादांपैकी हा एक. मुलांना निकाल आधी सांगू नका, नाहीतर वादातली सगळी गंमत जाते.

पूरक शाळेत हे जमत नाही. तिथे आठवड्याला दोन ते सहा तास मिळतात, मुलं दिवसभराची शाळा करून दमून येतात, आणि पालकांचं लक्ष असतं तेराव्या वर्षाच्या बार मिट्झ्वावर, म्हणजे मुलाने सर्वांसमोर तोरा हा धर्मग्रंथ वाचायच्या समारंभावर. तयारी साधारण वर्षभर आधी सुरू करावी. तोराच्या गुंडाळीत ना स्वरचिन्हं असतात ना गायनाच्या खुणा. म्हणून ‘तिक्कून’ वापरतात: एका रकान्यात खुणांसह मजकूर, शेजारी गुंडाळीत दिसतो तसा. नुसती ध्वनिफीत ऐकून पाठ केलेला मुलगा ऐन वेळी एक शब्द चुकला की पुढचं सगळं विसरतो. खुणा वाचायला शिकलेला सावरतो. वेळ जास्त जातो, पण हाच मार्ग धरावा.

काही बारीक गोष्टी अभ्यासक्रमात कुणी सांगत नाही. वर्गातल्या झेरॉक्सवर देवाचं नाव पूर्ण छापलं तर तो कागद कचऱ्यात टाकता येत नाही, तो वेगळ्या पेटीत साठवून पुरावा लागतो. म्हणून सरावाच्या कागदांवर संक्षिप्त रूप छापा. दुसरं, मुलाच्या ज्यूपणाचा प्रश्न. आई ज्यू नाही पण वडील आहेत, अशा मुलाला रिफॉर्म पंथ 1983 पासून, ज्यू म्हणून वाढवलं असेल तर, ज्यू मानतो. ऑर्थोडॉक्स आणि कॉन्झर्व्हेटिव्ह मानत नाहीत. सगळ्या पंथांची मुलं असलेल्या शाळेत यावर वर्गात सहज बोलून गेलात तर संध्याकाळी पालकांचे फोन येतात. शाळेचं धोरण रुजू होण्याआधी लेखी मागून घ्या. तिसरं, सण. रोश हशाना (ज्यू नववर्ष) ते सिम्हात तोरा हे सगळे सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये, शाळा नुकती सुरू झालेली असताना. त्या महिन्यात वर्गाला शिस्त लागत नाही. सिनेगॉगची जबाबदारीही अंगावर असेल तर माणूस पार पिळून निघतो. दोन्ही कामं एकदम घेऊ नयेत, असं माझं स्पष्ट मत.

पैशांचं गणितही वेगळं आहे. दीक्षित धर्मगुरूला घरभाड्यापोटी दिलेल्या रकमेवर अमेरिकेत आयकर लागत नाही. शाळेतलं काम धार्मिक सेवा म्हणून गणलं गेलं तर ही सवलत शिकवणाऱ्या रब्बीलाही मिळते. अट अशी की शाळेने रक्कम आधीच ठरवून नोंदवलेली हवी, मागाहून नाही. सूट मिळते ती ठरलेली रक्कम, प्रत्यक्ष खर्च आणि घराचं बाजारभाड्याचं मूल्य यांतल्या सर्वात कमी आकड्यावर. सोशल सिक्युरिटीसाठी (निवृत्तिवेतनाच्या सरकारी योजनेसाठी) मात्र रब्बी स्वयंरोजगारी धरला जातो, म्हणजे 15.3 टक्के स्वतः भरायचे, आणि त्यात ही घरभाड्याची रक्कमही मोजली जाते. पहिल्या वर्षी बरेच जण इथेच फसतात.

महाराष्ट्रातून जायचं असेल तर: भारतात रब्बी घडवणारी सेमिनरी नाही. बेने इस्रायली, म्हणजे इथल्या मराठी ज्यू समाजाचं पिढ्यान्‌पिढ्या रब्बीशिवाय चाललं, प्रार्थना हज्जान चालवायचे. तुम्ही ज्यू नसाल तर रब्बी होता येणार नाही, पण ज्यू अध्ययनाचे विद्यापीठीय अभ्यासक्रम सर्वांना खुले आहेत. ज्यू असाल तर आधी हिब्रू पक्कं करा, कारण सेमिनरीत वाचनाचा वेग कमी पडला की सगळंच मागे पडतं. पुढे अमेरिकेत नोकरीसाठी आर-1 व्हिसा (धार्मिक काम करणाऱ्यांचा) लागतो. तो जास्तीत जास्त पाच वर्षांचा, आणि अर्जाआधी किमान दोन वर्षं तुम्ही त्या पंथाचे सदस्य होता याचा पुरावा मागतात. त्यामुळे मुंबई-पुण्यातल्या आपल्या सिनेगॉगकडून सदस्यत्वाचं पत्र, तारखेसकट, आत्ताच घेऊन ठेवा.