संशोधकाला कधी कळलं, ते आधी ठरव

चि. नवलेखकास,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या कल्पित राज्यातल्या संशोधकाचा आराखडा वाचला. अनाथ बालपण, विक्षिप्त गुरू, विश्वासघात, हद्दपारी, सगळं आहे. यंत्र मात्र तू एका ओळीत उरकलंस: ‘वारा साठवणारी घागर’. लोक त्याच्या नावाने बोटं का मोडतात, ते या ओळीतून कळत नाही. म्हणून त्याचं चरित्र थोडं बाजूला ठेव आणि आधी घागर बांध.

तांब्याचं अंग, आत वारा धरून ठेवणारा मंत्र, तोंडाला कातडी झडप. आता आकडे घाल. समज, एक घागर भरली की दोन कोसांतला वारा घटकाभर पडतो आणि तेवढ्या वाऱ्यावर डोंगरावरची गिरणी दिवसभर चालते. एका घागरीने कुणाचं बिघडत नाही. पण रोज ४० घागरी एकापाठोपाठ भरू लागल्या, तर ४० घटका, म्हणजे १६ तास, खोऱ्यात पान हलणार नाही. ऐन सुगीत खळ्यावरची उफणणी अडेल, बंदरात शिडं लोंबतील. डोंगरावर त्याची पूजा होईल, खाली त्याला शिव्याशाप मिळतील, आणि दोन्हीकडचे लोक आपापल्या जागी खरे असतील. वाद उभा राहिला आणि खलनायक लागलाच नाही. जर्मन रसायनशास्त्रज्ञ फ्रिट्झ हाबरच्या अमोनियाचं हेच झालं: त्यातून खत झालं आणि स्फोटकंही झाली. लाभ आणि हानी एकाच घागरीतून निघू दे. दोन वेगळी यंत्रं दिलीस, तर वाचक एक स्वीकारून दुसरं नाकारेल आणि मोकळा होईल.

मग बिघाड. उन्हाळ्यात कातडं सुकतं, झडपेला भेग पडते. आठ दिवसांनी तेल पाजलं नाही तर घागर फुटते. तेल महाग, म्हणून गिरणीमालक पंधरा दिवसांवर ढकलतो. पहिला बळी घागर उचलणारा हमालच असणार. आणि मंत्र उलटा म्हणून सगळं पूर्ववत करता येतं, ही पळवाट आजच बुजव. हानी भरून येणारी असेल, तर वाद टिकत नाही.

आता मुख्य काम. कागदावर दोन रकाने आख. डावीकडे काय घडलं, उजवीकडे त्या दिवशी त्याला काय ठाऊक होतं. तुझ्या आराखड्यात डावा रकाना भरलेला आहे, उजवा पूर्ण कोरा.

अमेरिकेच्या थॉमस मिजलीचं आयुष्य या दोन रकान्यांत मांडून बघ. डिसेंबर १९२१ मध्ये पेट्रोलमध्ये शिशाचं संयुग घातलं की इंजिनाची ठकठक थांबते, हे त्याच्या चमूला सापडलं. १९२३ मध्ये शिशाच्या विषबाधेमुळे तो स्वतः रजेवर होता. ऑक्टोबर १९२४ मध्ये हे संयुग बनवणाऱ्या न्यू जर्सीतल्या कारखान्यात कामगार मेले, तेव्हा याने पत्रकारांसमोर तेच द्रव हातांवर ओतून घेतलं आणि मिनिटभर त्याचा वास घेतला. धोका नाही, हे दाखवायला! इथे उजवा रकाना त्याच्यावर उलटतो. पुढे त्याने शीतकपाटांसाठी बिनविषारी, न पेटणारा वायू शोधला. त्याच जातीच्या वायूंनी ओझोनचा थर विरतो, ही शक्यता मांडली गेली १९७४ मध्ये. तो १९४४ लाच वारला होता. इथे उजवा रकाना रिकामाच.

एकाच माणसाचे हे दोन अपराध सारखे नाहीत. तुझ्या संशोधकालाही दोन्ही प्रकारचे दे. झडपेची भेग त्याला माहीत असावी आणि त्याने दडपावी. खोऱ्यातला पाऊस घटणं मात्र त्याच्या मरणानंतर वीस वर्षांनी उघड व्हावं. लोक दोन्हींचं खापर एकाच दमात फोडतील. वाचकाला फरक कळेल.

मिजली पोलिओने अधू झाल्यावर त्याने पलंगावरून उठायला दोऱ्या-कप्प्यांचं साधन केलं आणि त्याच्याच दोरांत गळा आवळून तो मेलेला सापडला. हे उचलू नकोस. खऱ्या आयुष्याला असा योगायोग शोभतो, कादंबरीत तो लेखकाने दिलेली शिक्षा वाटतो. घागर फुटून तुझा संशोधक मरता कामा नये. सर्दी-तापाने गेला तरी चालेल.

वादाची तिसरी जात आपल्याकडे आहे. शिवकर बापूजी तळपदे यांनी १८९५ मध्ये मुंबईत चौपाटीवर विमान उडवलं असं सांगतात, पण त्याला ठोस समकालीन पुरावा नाही. तिथे भांडण ‘घडलं का?’ यावरच आहे. असं एखादं प्रकरण हवं असेल, तर साक्षीदार तीन ठेव आणि तिघांनाही त्यातून काही मिळवायचं असू दे: वारसाला मान, प्रतिस्पर्ध्याला सूड, देवळाला यात्रा. निवाडा तू देऊ नकोस.

नकलांचा विचार तू केलेलाच नाहीस. पातळ पत्र्याच्या, अर्ध्या किमतीच्या घागरी दोन वर्षांत बाजारात येतील. त्या फुटतील तेव्हा नाव याचंच जाईल. या एका प्रकरणात तो खराखुरा निर्दोष आहे, आणि नेमका इथेच त्याच्यावर कुणी विश्वास ठेवत नाही, कारण झडपेबद्दल तो आधी खोटं बोललाय. हद्दपारी इथे आण; विश्वासघात करणाऱ्या शिष्याची मग गरजच उरत नाही.

पुढचा खर्डा पाठवशील तेव्हा दोन रकान्यांचा कागद सोबत जोड. बालपणाची चाळीस पानं सध्या नकोत.

कळावे.