भयपट जरूर काढा, पण बागेवर बोजा नको

देवगडजवळच्या एका गावातून एका ताईंचं पत्र आलं आहे. त्या आणि त्यांचे यजमान मिळून कमी खर्चातले भयपट काढतात. यजमान दिग्दर्शन आणि कॅमेरा बघतात. ताई लिहितात, मेकअप करतात, युनिटचं जेवणही सांभाळतात. दोन लघुपटांनंतर त्यांनी साडेचार लाखांत एक पूर्ण लांबीचा चित्रपट केला. तो स्वतःच्या यूट्यूब चॅनेलवर टाकला, त्यातून दोन वर्षांत 1 लाख 30 हजार मिळाले. आता 30 लाखांच्या चित्रपटाचा बेत आहे. 7 लाख मुदतठेवीतून, 8 लाख ताईंचे दागिने ठेवून आणि 15 लाख हापूसच्या बागेवर पतसंस्थेकडून. "बाग गहाण टाकावी की नाही, एवढंच सांगा," असं त्या विचारतात.

ताई, बाग गहाण टाकू नका. चित्रपट मात्र करा, आणि 8 लाखांत करा. असं का म्हणतो ते तुम्हीच दिलेल्या आकड्यांवरून सांगतो.

लग्नांचं शूटिंग आणि एडिटिंग यातून वर्षाला 6 लाख, फवारणी-मजुरी वजा जाता आंब्याचे दीड लाख, होमस्टेच्या दोन खोल्यांचे दीड लाख. म्हणजे महिन्याला सरासरी 75 हजार. घरखर्च आणि मुलीची शाळा धरून 45 हजार जातात, उरतात 30 हजार. पतसंस्थेचं 15 लाखांचं कर्ज 13 टक्क्यांनी पाच वर्षांसाठी घेतलं तर हप्ता साधारण 34,100 रुपये बसतो. सोन्यावरच्या 8 लाखांचं 10 टक्क्यांनी नुसतं व्याज महिन्याला 6,700. दोन्ही मिळून 40,800. दर महिन्याला जवळपास 11 हजार कमी पडणार, आणि सोन्याची मुद्दल तशीच उभी राहणार. शिवाय शूटिंगच्या आणि एडिटिंगच्या महिन्यांत लग्नाच्या ऑर्डरी सोडाव्या लागतील, तो खड्डा यात धरलेलाच नाही.

बागेचा प्रश्न याहून गंभीर आहे. सातबारा अजून सासऱ्यांच्या नावावर आहे आणि त्यावर मुंबईच्या दोन चुलत दिरांची नावंही आहेत, असं तुम्ही ओघात लिहून गेलात. सामायिक जमिनीवर बोजा चढवायचा तर सगळ्या हिस्सेदारांच्या सह्या लागणार. त्या मिळाल्या तरी पुढे एखादा हप्ता चुकला की भांडण पतसंस्थेशी होणार नाही, गणपतीला घरी आलेल्या माणसांशी होईल. कोकणात अशी बंद पडलेली घरं आणि विस्कटलेल्या बागा तुम्ही माझ्यापेक्षा जास्त पाहिल्या असतील. त्यात आंब्याचं उत्पन्न स्वतःच बेभरवशाचं. मोहोर गळला, अवकाळी पाऊस आला, फुलकिडे लागले की दीड लाखांचे पन्नास हजार व्हायला वेळ लागत नाही. एक अनिश्चित उत्पन्न तारण ठेवून दुसऱ्या अनिश्चित उत्पन्नात पैसे घालायचे आणि हप्ता मात्र दर महिन्याच्या 5 तारखेला ठाम, हे गणित मला मान्य नाही. याच कारणाने किसान क्रेडिट कार्डाचे पैसेही चित्रपटाकडे वळवू नका. वेळेवर फेडल्यास 4 टक्क्यांनी पडणारं ते पीककर्ज बागेसाठी आहे. ते थकलं तर पुढच्या हंगामाची फवारणी अडेल.

आता परताव्याकडे येऊ. तुम्ही 30 लाखांचं सरकारी अनुदान जवळजवळ मिळाल्यासारखं धरलं आहे. राज्य सरकारच्या योजनेत मराठी चित्रपटाला 'अ' दर्जा मिळाला तर 40 लाख आणि 'ब' दर्जा मिळाला तर 30 लाख, हे खरं. पण चित्रपट पूर्ण होऊन सेन्सॉर व्हावा लागतो, समितीने तो पाहून दर्जा द्यावा लागतो आणि मग पैसे येतात. दर्जाच मिळाला नाही तर हातात काही येत नाही. चित्रपट उभा करण्यासाठी या पैशाचा उपयोग नाही, आणि तो येईपर्यंत हप्ते थांबत नाहीत. अर्ज जरूर करा, सध्याच्या शासन निर्णयातल्या अटी वाचून करा, पण हिशोबात ही रक्कम शून्य धरा.

ओटीटीचंही तसंच. अनोळखी निर्मात्याला ठोक रक्कम देऊन चित्रपट विकत घेण्यापेक्षा जितका पाहिला जाईल तितका वाटा देणं प्लॅटफॉर्मला सोयीचं असतं. तुमच्याकडे आज हातात असलेला एकमेव खरा पुरावा म्हणजे ते 1 लाख 30 हजार. पुढचा चित्रपट त्याच्या तिप्पट चालला तरी चार लाखांच्या आतच राहतो. 30 लाखांच्या बजेटमध्ये प्रसिद्धीला एक रुपयाही ठेवलेला नाही, हे पाहून मला खरोखर काळजी वाटली.

टीव्हीचा विचार तुम्ही केलेलाच दिसत नाही, आणि तो लिहितानाच करायला हवा. 'ए' म्हणजे फक्त प्रौढांसाठीच्या प्रमाणपत्राचा चित्रपट टीव्हीवर दाखवता येत नाही. सिनेमॅटोग्राफ कायद्याच्या 2023 च्या दुरुस्तीनंतर 'यूए'मध्ये, म्हणजे पालकांच्या मार्गदर्शनाने मुलांनाही पाहता येणाऱ्या वर्गात, 7, 13 आणि 16 वर्षांचे टप्पे आले आहेत. रक्त आणि छिन्नविच्छिन्न देह न दाखवता 'यूए 16+'मध्ये बसणारी भीती लिहिलीत तर विक्रीचा एक अख्खा दरवाजा उघडा राहतो. देवचार, गिऱ्हा, मुंजा यांच्या गोष्टी आजीने सांगितल्या तेव्हा त्यात रक्त फारसं नसायचंच.

आठ लाख कुठून आले ते सांगतो. तुमच्या एकूण मुदतठेवी 9 लाखांच्या आहेत. सहा महिन्यांचा घरखर्च म्हणून त्यातले 3 लाख बाजूला ठेवा. राहिलेले 6 लाख आणि या लग्नसराईतून वाचणारे 2 लाख, एवढंच भांडवल. हे सगळं बुडालं तरी तुमचं घर चालेल, मुलीचं सुकन्या खातं शाबूत राहील आणि पुढच्या वर्षी तुम्ही पुन्हा कॅमेरा उचलू शकाल. यातले दीड लाख प्रसिद्धी आणि सेन्सॉरसाठी आधीच वेगळे काढा. व्हीएफएक्सचे (संगणकावर केलेल्या दृश्यांचे) 5 लाख आणि ड्रोन पूर्ण काढून टाका. मुंबईच्या नटाचे 6 लाख मला परवडणारे वाटत नाहीत, पण प्लॅटफॉर्म ओळखीचा चेहरा विचारतात हेही खरं आहे. दोन दिवसांची भूमिका लिहून, थोडे पैसे आणि विक्रीत वाटा असं कोणी तयार होतंय का ते विचारून पाहा. बाकी भूमिकांसाठी तुमच्या जिल्ह्यात दशावतारातले कसलेले नट आहेत. चातुर्मासात त्यांचे नियमित प्रयोग नसतात, तुमची लग्नं नसतात, आंबा संपलेला असतो, होमस्टे रिकामा असतो. जून ते सप्टेंबर तुमचा स्वतःचा कॅमेरा, घर आणि माणसं मोकळी आहेत. पावसात जागेवरचा आवाज नीट मिळणार नाही, म्हणून डबिंगचा खर्च धरा आणि उपकरणांचा विमा काढा.

पत्रात तुम्ही जॉन अ‍ॅडम्स आणि टोबी पोझर या अमेरिकन दांपत्याचा दाखला दिला आहे. तो माझ्या बाजूचा आहे. मुलींना सोबत घेऊन ते स्वतःच लिहितात, स्वतःच कॅमेरा धरतात, अभिनय आणि संगीतही घरचंच. भयपटांसाठी नाव होण्याआधी त्यांचे काही चित्रपट होऊन गेले होते. आपल्याकडे रामसे बंधूंनी पटकथा, दिग्दर्शन, कॅमेरा, ध्वनी ही कामं भावाभावांत वाटून घेतली होती. अशा घरांना टिकायचं बळ येतं ते खर्च आवाक्यात असल्यामुळे आणि एक चित्रपट पडला तरी दुसरा करता आल्यामुळे.

आणि ताई, एक गोष्ट तुम्ही विचारलेली नाही तरी सांगतो. मागच्या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत निर्माता म्हणून फक्त यजमानांचं नाव आहे आणि तुमचं 'विशेष साहाय्य' मध्ये, असं तुम्ही सहज लिहिलंय. कायद्याने चित्रपटाचा पहिला हक्कदार निर्माता असतो, आणि हा हक्क प्रदर्शनानंतरची 60 वर्षं चालतो. दागिने तुमचे, पटकथा तुमची, आणि मालकीत तुम्ही नाही! यजमानांच्या मनात काही वावगं असेल असं मी अजिबात म्हणत नाही. पण उद्या त्यांना काही झालं, किंवा कोणी हक्क विकत घ्यायला आलं, तर कागद बोलतो. दोघांची एलएलपी (मर्यादित दायित्वाची भागीदारी संस्था) करा, दोघंही निर्माते म्हणून लागा. 25 लाखांच्या आत भांडवल आणि 40 लाखांच्या आत उलाढाल असेपर्यंत तिला ऑडिटची सक्ती नाही. पटकथेचा करारही तुमच्या नावाने करा.

संगीत तुमच्या मित्राने तोंडी बोलीवर दिलं होतं. या वेळी लेखी घ्या, आणि मुदत व प्रदेश स्पष्ट लिहा. करारात मुदत नसेल तर हक्क पाच वर्षांचाच धरला जातो आणि प्रदेश नसेल तर भारतापुरताच. असे कागद अर्धवट असले की प्लॅटफॉर्म व्यवहार थांबवतात.

दोघांचा टर्म विमा आणि कुटुंबाचा आरोग्य विमा शूटिंगच्या आधी हवा, कारण दोघांचीही बरीचशी कमाई एकाच कामावर आहे. आयकर विवरणपत्र मुदतीत भरा. वेळेत भरलं तरच व्यवसायातला तोटा पुढची आठ वर्षं ओढता येतो.

पतसंस्थेकडे दिलेला अर्ज या आठवड्यात मागे घ्या. दागिने लॉकरमध्येच राहू द्या; 5 लाखांवरच्या कर्जाला सोन्याच्या किमतीच्या 75 टक्केच मिळतात, म्हणजे 8 लाखांसाठी तुम्ही जवळपास 11 लाखांचं सोनं अडकवणार होतात. मग पटकथा घेऊन दोघं बसा, आठ लाखांत न बसणारं प्रत्येक दृश्य खोडा आणि उरलेल्या पटकथेचं बजेट मला पाठवा. मी ते ओळ न् ओळ तपासून देईन.