बीजीएमआय (बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया) या मोबाइलवरच्या शूटिंग गेममध्ये शत्रू कुठे आहे हे टीममेटना पटकन कसं सांगायचं?
आधी स्क्रीनच्या वरच्या कंपासवरचा दिशेचा आकडा (अंश) सांगा, बाकीचं नंतर: ‘२१०, दगडामागे, एकटाच आहे.’ ‘डावीकडे’, ‘तिकडे बघ’ असलं काही नको. तुमची डावी बाजू तुमच्याकडे तोंड करून उभ्या असलेल्याची उजवी असते, २१० मात्र टीममधल्या चौघांनाही २१०च. मी बहुतेक वेळा अनोळखी स्क्वॉडमध्ये (चौघांच्या टीममध्ये) खेळतो, तिथे भाषा जुळली नाही तरी आकडा कळतो. पण हे टीम जवळजवळ असेल तरच. टीममेट २०० मीटर लांब असेल, तर तोच शत्रू त्याला वेगळ्याच अंशावर दिसतो. तेव्हा सरळ मार्कर टाका, म्हणजे सगळ्या टीमला दिसणारी खूण त्या जागेवर करा. माइक नसेल तरी मार्करच वापरा. आणि नॉक झालात (गोळ्या लागून खाली पडलात) तरी आधी आकडा सांगा, रिव्हाइव्ह (टीममेटने पुन्हा उभं करणं) मागा त्यानंतर.