स्टार वॉर्सचे गेम्स: सुरुवात कुठून करायची

अरे, सगळे गेम एकदम विकत घेत बसू नकोस. पहिला जेडाय फॉलन ऑर्डर घे, २०१९चा आहे, एकट्याने खेळायचा, स्टोरी पण मस्त, आणि मग २०२३चा सर्व्हायव्हर, कारण तो त्याच हिरो कॅलची पुढची गोष्ट आहे, उलटं खेळलास तर मजा जाते. डिफिकल्टी स्टोरी मोडवर, म्हणजे सगळ्यात सोपी, ठेव, बिनधास्त, कोणी बघत नाही. एक लक्षात ठेव, मेडिटेशन पॉइंटवर, म्हणजे गेम सेव्ह होतो त्या जागी, रेस्ट घेतलीस की हेल्थ भरते पण मारलेले शत्रू पुन्हा उभे राहतात, म्हणून गरज नसेल तर नुसतं सेव्ह करून पुढे सटक. आणि बटणं बडवू नकोस, वाट बघ, समोरच्याचा वार लागायच्या अगदी क्षणी ब्लॉक दाबलास की पॅरी होते, म्हणजे वार परतवला जातो, मग तो उघडा पडतो.

२००३चा नाइट्स ऑफ द ओल्ड रिपब्लिक नंतर घे, ग्राफिक्स जुने पण लिखाण जबरदस्त, फाइट पॉज करून ऑर्डर देता येतात, फक्त स्पॉयलर वाचू नकोस प्लीज.

२०१२चा तो आरटू-डीटू रोबोटसारखा रंगवलेला एक्सबॉक्स ३६० कन्सोल दिसायला भारी आहे, सोनेरी कंट्रोलर वगैरे, पण तो शोकेससाठी, वर सांगितलेले दोन्ही जेडाय गेम त्यावर चालतच नाहीत.